अष्टपैलू म्हणू नका, पैसे द्या

पोस्ट मोठी आहे. वेळ नसेल तर संध्याकाळी वाचा, पण पूर्ण वाचल्याशिवाय कमेंट करू नका एवढी विनंती. मागच्या वेळी अर्धी पोस्ट वाचून तिघांनी मला "यश मिळो" म्हणून शुभेच्छा दिल्या होत्या.

गेल्या महिन्यात आपल्या गावात माझा सत्कार झाला. शाल, श्रीफळ, गुच्छ आणि एक सन्मानचिन्ह, ज्यावर माझ्या आडनावात चूक. निवेदकानं ओळख करून दिली : "लेखक, दिग्दर्शक, कॅमेरामन, संकलक, अभिनेते आणि प्रशिक्षक असं हे सोलापूरचं अष्टपैलू व्यक्तिमत्त्व!" टाळ्या पडल्या. मी स्टेजवर बसून मोजत होतो. सहाच पैलू झाले होते. उरलेले दोन मी मनातल्या मनात भरले : ड्रायव्हर आणि वसुलीवाला.

या सत्काराच्या आठ दिवस आधी त्याच संयोजकांचा फोन आला होता. "मालक, संस्थेच्या कामावर पाच मिनिटांची फिल्म करून द्या की." दोन दिवस शूट केलं, दोन रात्री एडिट केलं. बिलाचा विषय काढला तर म्हणाले, "अहो, तुमचा सत्कारच करतोय ना आम्ही." म्हणजे शाल हेच बिल. घरी आल्यावर अम्मानं शाल हातात घेऊन बघितली, धागा ओढून बघितला आणि म्हणाली, "मिक्स आहे." पूर्वभागातल्या बाईला कापडात फसवता येत नाही.

संस्थेचं नाव सांगणार नाही, कारण ही एका संस्थेची गोष्ट नाही. गावाची सवय आहे. आपल्याकडे एखाद्याला अष्टपैलू म्हटलं की त्याच्या आठापैकी एकाही कामाचे पैसे द्यावे लागत नाहीत. वकिलाला कुणी म्हणत नाही की तुम्ही किती अष्टपैलू, केस पण लढता, नोटीस पण काढता, तेव्हा फी राहू द्या. प्लंबरला म्हणत नाही. कॅमेरा हातात दिसला की म्हणतात.

मी हे सगळं करतो, कारण त्यातलं एकही काम सोलापुरात पोट भरण्याइतकं नाही. लग्नसराईत लग्नं. निवडणुका आल्या की उमेदवारांचे रील्स, आणि त्यात निम्मे पैसे निकालाबरोबर बुडतात, कारण हरलेला फोन उचलत नाही आणि जिंकलेल्याला वेळ नसतो. शाळांची गॅदरिंग, सप्त्यातल्या कीर्तनाचं लाइव्ह, चादर-टॉवेलच्या कारखान्यांचे प्रॉडक्ट फोटो. अधूनमधून तेलुगूतून मराठी करायचं भाषांतर, कारण आमच्या घरची भाषा तेलुगू आहे. या सगळ्यातून जे उरतं त्यावर सिनेमा. बाहेरची माणसं याला 'मल्टिटॅलेंटेड' म्हणतात. आमच्या गल्लीत त्याला जोडधंदे म्हणतात, आणि गल्लीचं बरोबर आहे.

आता तुम्ही नागराज अण्णांचं नाव घेणार, मला माहीत आहे. प्रत्येक जण घेतो. सिनेमाचं काही मागितलं की उत्तर ठरलेलं : "अहो, नागराज मंजुळे बघा. करमाळ्याच्या जेऊरचा माणूस. त्याला कुणी काय दिलं होतं?"

बघूच या मग नीट. मंजुळेंनी पुणे विद्यापीठातून मराठीत एम. ए. केलं. मग नगरच्या कॉलेजात कम्युनिकेशन स्टडीजला गेले. 'पिस्तुल्या' हा लघुपट त्या शिक्षणाच्या काळातला, आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कवितांचं पुस्तक आलं. 'फँड्री' २०१३ सालचा, थिएटरात लागला फेब्रुवारी २०१४ मध्ये. 'सैराट' २९ एप्रिल २०१६ ला. त्यानं शंभर कोटींचा आकडा ओलांडला, जो तोवर एकाही मराठी चित्रपटानं बघितला नव्हता. अकलूजची शाळकरी पोरगी रिंकू राजगुरू देशाला माहीत झाली. त्यानंतर मंजुळेंनी निर्मिती केली, 'नाळ'मध्ये अभिनय केला, टीव्हीवर 'कोण होणार करोडपती' चालवलं, 'झुंड'मध्ये अमिताभ बच्चनना घेतलं. पैलूच मोजायचे तर आठाच्या वर जातील.

पण यात 'कुणी काय दिलं होतं' याचं उत्तरही आहे. शिकायला एक कॉलेज दिलं, जिथं कॅमेरा होता आणि शिकवणारी माणसं होती. 'फँड्री'ला निर्माते मिळाले, 'सैराट'मागे झी स्टुडिओज उभा राहिला, म्हणजे पिक्चर गावोगावच्या पडद्यांवर पोचवायची यंत्रणा उभी राहिली. करमाळा तालुक्यानं गोष्ट दिली, माणसं दिली, भाषा दिली, हलगी दिली. शाळा, पैसा आणि पडदा जिल्ह्याबाहेरून आला. तुम्ही गोष्टीतला अर्धा भाग ऐकता आणि त्या अर्ध्याची काठी करून आमच्या पाठीत घालता. मंजुळेंची जिद्द हा काही सोलापूर जिल्ह्याचा सांस्कृतिक कार्यक्रम नव्हता. जिल्ह्यानं फ्लेक्स लावले ते नंतर.

त्याच्याही मागे जा. डॉ. जब्बार पटेल, जन्म पंढरपूरचा, शाळा सोलापूरची. 'घाशीराम कोतवाल', 'सामना', 'जैत रे जैत', 'सिंहासन', 'उंबरठा', 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर'. एवढं सगळं करणारा माणूस व्यवसायानं बालरोगतज्ज्ञ, दौंडला दवाखाना. मला हे नेहमी महत्त्वाचं वाटत आलंय. त्यांच्या सिनेमाच्या पाठीशी स्टेथोस्कोप होता. 'सामना'चे निर्माते रामदास फुटाणे तर चित्रकलेचे शिक्षक. साखर कारखान्याच्या राजकारणावरचा तो पिक्चर १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात गेला. म्हणजे एका पायानं पोटाचा धंदा आणि दुसऱ्या पायानं सिनेमा, ही आपल्याकडची जुनी रीत आहे, मला तिची लाज नाही. फरक इतकाच की डॉक्टरला पेशंट फी देतो. आमचा पोटाचा धंदा आणि सिनेमा, दोन्हीकडं तोच कॅमेरा, आणि दोन्हीकडं तेच उत्तर : बघू पुढच्या महिन्यात.

आता माझ्या पिक्चरचा हिशेब सांगतो. आजवर कुठं सांगितला नव्हता.

तीन वर्षं लागली. खर्च १९ लाख. त्यातले ५ लाख सोनेतारण, साडेतीन लाख मित्रांचे, बाकी माझ्या लग्नसराईचे आणि उसने. आणि १ लाख ४० हजार अम्माच्या पीएफचे. अम्मानं एकतीस वर्षं विड्या वळल्या. सूप मांडीवर, तेंदूपत्ता, तंबाखू, दोरा, आणि हजारी मोजून कारखान्यात द्यायची. त्यातनं जमलेला पीएफ. तिनं मागितल्यावर लगेच सही केली. काय पिक्चर आहे हेही विचारलं नाही.

पिक्चर ११ ठिकाणी लागला. ज्यांना या धंद्यातलं माहीत नाही त्यांच्यासाठी : आता रिळं नसतात, पण डिजिटल पडद्यावर पिक्चर चढवायला प्रत्येक थिएटरमागं फी भरावी लागते. ती लहान पिक्चरलाही भरावी लागते. सेन्सॉरचा खर्च वेगळा, मिक्सिंगचा वेगळा, पोस्टरचा वेगळा. तिकीट विकलं गेलं की आधी कर, मग थिएटरचा वाटा, मग वितरकाचा, मग आपण. एके काळी मराठी पिक्चरला करमणूक कर माफ असायचा, तिकिटाच्या दरात तो फरक दिसायचा. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला आणि तो फरक गेला.

आणि शो कुठला मिळाला? दुपारी १२ चा. मे महिना, सोलापूर, बेचाळीस डिग्री. २०१५ साली सरकारनं मल्टिप्लेक्समध्ये मराठी पिक्चर प्राइम टाइमला दाखवा म्हणून फर्मान काढलं होतं, केवढा गदारोळ झाला होता, आठवतं? शेवटी प्राइम टाइमची व्याख्या दुपारी १२ ते रात्री ९ अशी ताणली गेली. मे महिन्यातल्या दुपारी बारा वाजता सोलापुरात कुत्रं पण रस्त्यावर नसतं. पण कागदावर तो प्राइम टाइम.

एका आठवड्यात उतरला. माझ्या हातात आले १ लाख ८७ हजार.

सरकारी अनुदान आहे की, असं कुणीतरी कमेंटमध्ये लिहीलच. आहे. 'अ' दर्जाला ४० लाख, 'ब' दर्जाला ३० लाख असा नियम वर्षानुवर्षं ऐकतोय. चांगली योजना आहे, नाकारत नाही. पण ती पिक्चर पूर्ण झाल्यावर, सेन्सॉर झाल्यावर, समितीनं बघितल्यावर. म्हणजे ज्यानं आधीच सगळे पैसे घातलेत त्याला. विहिरीत उडी मारून वर आलात तर टॉवेल मिळेल. आणि दर्जात बसला नाहीत तर टॉवेलही नाही. माझा बसला नाही. समितीबद्दल तक्रार नाही, पिक्चरचा दुसरा भाग खरंच ढिला होता.

पण ज्या गोष्टीसाठी ही पोस्ट लिहायला बसलो ती वेगळीच आहे. पिक्चर लागला त्या आठवड्यात माझी मुलाखत छापून आली. मथळा होता : 'आईच्या पीएफवर साकारला सिनेमा'. मी ते कात्रण स्टेटसला ठेवलं. शेकडो हार्ट आले. "सलाम माउलीला." मला त्या दिवशी अभिमान वाटला होता, खोटं का बोलू.

आज लाज वाटते. पैसे घेतल्याची नाही, ते मी फेडतोय. त्याची बातमी झाली आणि मी ती मिरवली, याची. भाऊराव कऱ्हाडेंनी 'ख्वाडा'साठी शेतजमीन विकली, हे महाराष्ट्रभर कौतुकानं सांगितलं जातं. पिक्चर अव्वल, राष्ट्रीय पुरस्कारांत त्याची दखल घेतली गेली. पण जमीन विकली हे कौतुकानं सांगताना आपल्याला काहीच टोचत नाही? शेतकऱ्यानं पोरीच्या लग्नासाठी जमीन विकली तर आपण हळहळतो, सिनेमासाठी विकली तर टाळ्या वाजवतो. आणि त्याच कऱ्हाडेंचा 'टीडीएम' २०२३ मध्ये आला तेव्हा शो मिळत नाहीत म्हणून राष्ट्रीय पुरस्काराचा माणूस प्रेक्षकांसमोर रडला, पिक्चर काढून घेऊन पुन्हा लावायची वेळ आली. तो व्हिडिओ आपण सगळ्यांनी फॉरवर्ड केला. तिकीट किती जणांनी काढलं?

अम्माला मी प्रीमियरला घेऊन गेलो होतो. सुटल्यावर तिनं एकच विचारलं. "हॉल निम्मा भरला होता. त्यातले पैसे देऊन किती आले होते?" मी म्हटलं, "आज पासवाले होते, अम्मा." ती काही बोलली नाही. विडी कारखान्यात खराब माल बाजूला काढतात, त्याची छाट म्हणतात, त्याचे पैसे मिळत नाहीत. ती बहुतेक तसाच हिशेब करत होती.

पासांचं तर एक स्वतंत्र पुराण होईल. "का बे, पिक्चर काढलास, पास पाठवला नाहीस?" असं विचारणारा माणूस त्याच आठवड्यात दुसऱ्या हिंदी पिक्चरला चौघांना घेऊन पॉपकॉर्नसकट दोन हजार घालवून येतो. त्याचं माझ्यावर प्रेम आहे, यात शंका नाही. प्रेम आहे म्हणूनच फुकट पाहिजे.

आता माझ्याच बाजूच्या लोकांकडं वळतो, नाहीतर पोस्ट एकांगी होईल, आणि काही मित्र नाराज व्हायचे राहतील.

'सैराट'नंतर आपल्या जिल्ह्यात ऑडिशनचं पीक आलं. "नवोदितांना सुवर्णसंधी." फॉर्मचे पाचशे, वर्कशॉपचे पाच हजार, आणि "लीड रोल पाहिजे असेल तर थोडी गुंतवणूक." अकलूज, करमाळा, बार्शी, कुठली कुठली पोरं-पोरी आयबापाचे पैसे घेऊन येतात. पिक्चर कधीच निघत नाही. हे करणारे मुंबईचे नाहीत, आपलेच आहेत, आपल्याच कार्यक्रमांत स्टेजवर असतात. स्पष्ट सांगतो : काम करणाऱ्याकडून पैसे घेतले जातात ती संधी नसते, ती वसुली असते. पैसे मागितले की उठून या.

आणि जे फसवत नाहीत, ते काय करतात? मी काय केलं? माझ्या पिक्चरला चौदा जणांची टीम होती. त्यातल्या नऊ जणांना मी एक रुपया दिला नाही. जेवण, चहा, पेट्रोल आणि पडद्यावर नाव. "आपलाच पिक्चर आहे" असं मी त्यांना म्हणालो होतो. सत्काराच्या संयोजकांनी मला जे वाक्य ऐकवलं, ते मी त्यांच्या तीन वर्षं आधी वापरलं होतं. तेव्हा मला ते फार सुंदर वाटलं होतं.

त्या नवांत एक पोरगा होता. वय तेव्हा एकोणीस. वडील अक्कलकोट रोड एमआयडीसीत लूमवर. पोरगा रिफ्लेक्टर धरायचा, मग बूम धरायला लागला, आणि त्याचा कान असा निघाला की विचारू नका. पूर्वभागात शूट करताना लूमची खटखट सगळीकडून येते. हा पोरगा कुठल्या गल्लीत कितव्या वाजता आवाज कमी होतो याची वही ठेवायचा. कारखान्यांच्या सुट्टीच्या दिवशी आम्ही डबिंग करायचो, माझ्याच खोलीत, भिंतींना गाद्या आणि सोलापुरी चादरी टांगून. चादरीचा आवाज दाबायला एवढा उपयोग होतो हे कुठल्या प्रॉडक्ट फोटोत मी अजून लिहिलेलं नाही.

परवा त्या पोराचे वडील माझ्याकडं आले. बसले, पाणी प्यायले. म्हणाले, "सर, पोरगा पुण्याला जायचं म्हणतोय. नाहीतर लूमवर लावतो. तुमच्याकडं तीन वर्षं झाली. ह्यात पगार कधीपासून चालू होतो?"

किती सरळ प्रश्न आहे. कुठल्याही महोत्सवात, कुठल्याही परिसंवादात मला हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. प्रादेशिक सिनेमाची भाषा, मातीचा सुगंध, जागतिक व्यासपीठ, यावर मी तासभर बोलू शकतो. पगार कधीपासून चालू होतो यावर मला अर्धं मिनिट बोलता आलं नाही.

पोरगा पुण्याला गेला तर त्याचं भलं होईल कदाचित. पण मग सोलापूरचा पिक्चर कोण करणार? या गावाच्या गोष्टी नेहमी दुसऱ्या गावानं सांगितल्यात. डॉ. द्वारकानाथ कोटणीस आपल्या सोलापूरचे. चीनमध्ये जाऊन जखमी सैनिकांची सेवा करत तिथंच गेले. त्यांच्यावर व्ही. शांतारामांनी १९४६ साली पिक्चर काढला, स्वतः कोटणीस झाले. मोठं काम, वाद नाही. पण १९३० चा मार्शल लॉ? १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी गेलेले मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे? एकाच दिवशी फाशी गेलेल्या या चौघांची नावं बघा, अख्खं सोलापूर त्यात आहे. चौकात पुतळे आहेत. तिथनं आपण रोज रिक्षा वळवतो. जुनी मिल, नरसिंग गिरजी, लक्ष्मी-विष्णू, या गिरण्यांचे भोंगे बंद झाल्यावर घरांत काय झालं, कुणी दाखवलं? विडी वळणाऱ्या बायकांच्या गप्पा? त्या गप्पा तेलुगूत सुरू होतात, मराठीत भांडतात आणि शिवी कन्नडमध्ये देतात. मुंबईच्या एका निर्मात्यानं माझी पटकथा वाचून सांगितलं होतं, "भाषा जरा एकच ठेवा." मालक, आमची भाषा हीच एक आहे.

तर मला नेमकं काय पाहिजे? चित्रनगरी नको. कोल्हापूरला आहे, गोरेगावला आहे. आपल्याकडं घोषणा झाली तर आधी कमान उभी राहील आणि कमानीवर फोटो कुणाचा यावर दोन वर्षं जातील.

मला एक खोली पाहिजे. आवाज बंद असलेली, दहा बाय बारा, डबिंग आणि मिक्सिंगपुरती. तासाला भाडं घ्या, फुकट नको. आपल्या विद्यापीठात जनसंवादाचा विभाग आहे. तिथली साधनं संध्याकाळी सहानंतर बाहेरच्यांना भाड्यानं देता येतील का, याचा विचार व्हावा, विभागालाही चार पैसे मिळतील. महापालिकेच्या एखाद्या लहान सभागृहात दीडशे खुर्च्या, एक बरा प्रोजेक्टर, आणि आठवड्यातून दोन संध्याकाळी सात वाजता तिकीट लावून इथले पिक्चर. सात वाजता म्हणतोय, बारा वाजता नाही. तिकीट पन्नास रुपये ठेवा, पण पास एकालाही नको, नगरसेवकाला पण नाही, मला पण नाही.

आणि ज्या संस्था दरवर्षी आमच्याकडून माहितीपट करून घेतात, त्यांनी मंडप, केटरर आणि हारवाल्याच्या बाजूला एक ओळ वाढवावी : चित्रीकरण. हारवाल्याचं बिल कधी थकलेलं मी ऐकलं नाही.

माझ्यापुरतं मी ठरवलंय ते लिहून ठेवतो, म्हणजे उद्या मी मोडलं तर तुम्हाला स्क्रीनशॉट काढता येईल. यापुढं माझ्या सेटवर बिनपैशाचा माणूस नसेल. पैसे नसतील तर माणसं कमी, दिवस कमी, पिक्चर लहान. एका पानाचा का होईना, करार. मागच्या नऊ जणांचे मी ठरवलेले आकडे त्यांना काल पाठवलेत, हप्त्यानं देणार आहे. एकानं उत्तर दिलं, "राहू दे की दादा, आपलाच पिक्चर होता." त्यालाच सगळ्यात आधी देणार आहे.

सत्कारांना येणं बंद. शाल ठेवा, तिच्याऐवजी त्या दिवशीचं साउंडचं भाडं द्या.

पोराच्या वडिलांना मी सांगितलं, पुढच्या सोमवारपासून तीन महिन्यांचं काम आहे, विडी कामगारांवरचा तासाभराचा माहितीपट, सुरुवात अम्मापासून. पोराला दिवसाला सातशे, आठवड्याला रोख. तीन महिन्यांनंतरचं मला माहीत नाही, हेही सांगितलं. ते विचार करतो म्हणाले. जाताना दारात थांबून विचारलं, "आणि पाऊस पडला, शूट झालं नाही, तर त्या दिवसाचे?"

देणार, म्हटलं.